पॉल झिल्सचें ऋण

मुख्य चित्रपटापूर्वीं दाखविले जाणारे सरकारी अनुबोधपट नागपूरचे प्रेक्षक एके काळीं नाइलाजानेंच पाहत असत. परंतु हे पट करण्याची विद्या आपल्याकडे टिकली कशी, याचा शोध घेतां एका जर्मन गृहस्थाचें नांव पुढें येतें, हें वाचून पुष्कळांस नवल वाटेल.

पॉल झिल्स यांचा जन्म १९१५ चा. जर्मनीच्या ‘उफा’ या विख्यात चित्रसंस्थेंत त्यांनीं उमेदवारी केली. दुसऱ्या महायुद्धांत ते इंग्रजांच्या कैदेंत सांपडले व हिंदुस्थानांत स्थानबद्ध झाले. परंतु दैवगति विचित्र! १९४५ मध्यें, ज्या सरकारनें त्यांस कोंडलें त्याच सरकारच्या ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ या मुंबईच्या खात्यांत परदेशांसाठीं पट करणाऱ्या शाखेचे ते प्रमुख झाले.

या खात्याविषयीं लोकांस प्रेम नव्हतें. त्याचे युद्धप्रचाराचे पट दाखविण्याची चित्रगृहांवर सक्ति होती. १९४६ मध्यें मध्यवर्ती कायदेमंडळानें अनुदान तोडलें आणि खातें बंद पडलें. लोकप्रतिनिधींचा राग रास्त होता. परिणाम मात्र असा झाला कीं, १५ ऑगस्ट १९४७ चा सोहळा टिपावयास सरकारजवळ स्वतःचें चित्रपथकच उरलें नाहीं. ‘फिल्म्स डिव्हिजन’ स्थापन झाली ती १९४८ मध्यें.

या पोकळींत झिल्स येथेंच राहिले. फली बिलिमोरिया यांच्यासह त्यांनीं स्वतंत्र अनुबोधपट-संस्था उभारली. १९४७ मध्यें हिंदी जहाजधंद्याच्या झगड्यावर पट केला. १९४९ मध्यें ‘इंडियन डॉक्युमेंटरी’ हें नियतकालिक काढलें. त्यांच्या १९५२ च्या ‘झलझला’ या कथापटांत नागपूर विद्यापीठाचे पदवीधर किशोर साहू यांनीं भूमिका केली. या धंद्यास तिकिटाचें उत्पन्न नाहीं. म्हणून आश्रयदाते शोधावे लागत, आणि आश्रयदात्याची मर्जी सांभाळणें ओघानेंच येई. सरकारी असो वा खासगी, हें बंधन कोणासच चुकलें नाहीं.

पन्नाशीच्या दशकाअखेर झिल्स मायदेशीं परतले. पण विद्या येथें राहिली. बिलिमोरियांचा १९६८ चा ‘द हाउस दॅट आनंदा बिल्ट’ ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोंचला.

प्रचाराचा तिटकारा जरूर असावा. परंतु त्या रागांत हत्यारच फेकून दिलें, तर आपल्या घरचा सण दुसऱ्याच्या डोळ्यांनीं पाहावा लागतो. एका परक्या कैद्यानें तें हत्यार जपलें, हें त्याचें आपणांवरील ऋण होय.