मसाल्यांचे शीत दळण

द्रव नायट्रोजनने गारठवून ठिसूळ केलेले मसाले दळण्याची रीत. रासायनिक अभियांत्रिकीत चूर्णीकरण ही जुनी एकक क्रिया आहे, आर्थर डी. लिटल यांनी १९१५ मध्ये एकक क्रियांची संकल्पना मांडली तेव्हाच चूर्णीकरणाचा त्यात उल्लेख होता. रिटिंगर (१८६७), किक (१८८५) आणि बाँड (१९५२) यांचे नियम दळण्याला लागणाऱ्या ऊर्जेचा हिशेब देतात. मालाच्या वासाचा विचार त्यांत नाही, आणि मसाल्याची किंमत बरीचशी वासावरच ठरते.

गिरणीला दिलेल्या ऊर्जेपैकी कण फोडण्यात फार थोडी खर्च होते. उरलेल्या बहुतेक ऊर्जेची उष्णता बनते. साध्या गिरणीत माल कधी ९० अंश सेल्सिअसपर्यंत तापतो. मग बाष्पनशील तेल उडते, मिरचीचा रंग उतरतो आणि स्निग्ध माल जाळीला चिकटून बसतो. हैदराबादच्या बेगम बाजारासारख्या घाऊक मसाला पेठेतला माल पाहिला तर अडचण सर्वत्र सारखी नाही. हळद कडक आणि कोरडी, तिथे झीज गिरणीची होते. मिरचीची साल चिवट असते. लवंगेत तेल १५ ते २० टक्के, जायफळात स्निग्धांश त्याहूनही जास्त. शीत दळणाचा खरा फायदा या दोघांना. महाराष्ट्रातील डंकावरच्या कांडपात माल कमी तापतो असे मानले जाते, मात्र त्याचा वेग कमी असतो.

शीत दळणात पेचवाहकातून सरकणाऱ्या मालावर उणे १९६ अंशांना उकळणारा नायट्रोजन सोडतात. गोठलेले तेल पेशींतच राहते, माल तडकतो आणि पिन मिलमध्ये बारीक, एकसारखे कण मिळतात. वायुरूप नायट्रोजनमुळे ऑक्सिजन दूर राहून ऑक्सिडीकरणही घटते. तेल नेमके किती वाचते याचे आकडे मसाला, कणांचा आकार आणि मोजण्याची रीत यांनुसार बदलतात.

सर्वांत मोठा चालू खर्च नायट्रोजनचा. म्हणून सलग, एकाच मालाच्या दळणाला ही रीत परवडते. पोत्यागणिक माल बदलणाऱ्या गिरणीला थंड पाणी फिरवणारे आवरण पुरेसे ठरू शकते.

सुरक्षितता : द्रव नायट्रोजनचा वायू झाला की आकारमान सुमारे ७०० पट होते. बंद खोलीत ऑक्सिजन घटून गुदमरण्याचा धोका असतो, वायुवीजन आवश्यक.

साठवण : गार पूड उघड्यावर काढल्यास हवेतील बाष्प तिच्यावर जमून गुठळ्या होतात.