दासीपुत्र विदुर आणि कांजीभाई राठोड

भीमेच्या काठावरील शिरूर आणि दौंड या दोन तालुक्यांतील आमच्या वाचकांना कोरेगावची ओळख करून देण्याचे कारण नाही. कोरेगाव भीमा हे गाव शिरूर तालुक्यातले. जयस्तंभ मात्र हवेली तालुक्यातील पेरणे गावच्या हद्दीत उभा आहे. १ जानेवारी १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर तेथे गेले होते. त्या स्तंभावर 'नाक' हा शब्द शेवटी असलेली सैनिकांची नावे कोरलेली आहेत. म्हणूनच १८१८ च्या लढाईचा अर्थ कोणी कसाही लावो, ती नावे कोणाला वगळता येत नाहीत.

दगडावर नाव कोरले गेले की ते टिकते. बाबासाहेब कोरेगावी आले त्या काळात मुंबईत मूकपटांचा धंदा भरास आला होता. त्याचे माध्यम दगड नव्हते. चटकन पेट घेणारी नायट्रेटची फिल्म होती. भारतात सुमारे १,३०० मूकपट निघाले. त्यांपैकी आज पूर्ण अथवा तुटक स्वरूपात उरलेले दोन-तीन डझनही भरणार नाहीत. पुण्यात १९६४ मध्ये स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जे मिळाले ते जपले. पण तोवर बहुतेक सारे नष्ट झाले होते. या नष्ट झालेल्या कलेतील एक अग्रगण्य दिग्दर्शक अस्पृश्य समाजातून आलेला होता, ही गोष्ट आमच्या वाचकांपुढे यावी म्हणून हा लेख लिहिला आहे.

कांजीभाई राठोड हे मूळचे दक्षिण गुजरातचे. छायाचित्रकार म्हणून ते या व्यवसायात आले आणि द्वारकादास संपत यांच्या मुंबईतील कोहिनूर फिल्म कंपनीत दिग्दर्शक झाले. १९२० पासून त्यांच्या नावावर चित्रपट दिसू लागतात. 'कृष्ण सुदामा' हा त्या वर्षीचा. संपत यांचे भांडवल, मोहनलाल दवे यांच्या कथा आणि राठोड यांचे दिग्दर्शन या त्रयीवर कोहिनूरची भरभराट झाली. चित्रपटाच्या इतिहासकारांनी कांजीभाईंना भारतातील पहिला यशस्वी व्यावसायिक दिग्दर्शक म्हटले आहे. फाळके हे आद्य निर्माते खरेच, परंतु ते स्वतःच्या कंपनीचे सर्वेसर्वा होते. दुसऱ्याच्या कंपनीत दिग्दर्शन हाच पेशा मानून एकामागून एक चित्रपट वेळेवर पुरे करून देणारा माणूस म्हणजे राठोड.

त्यांच्या जातीचा उल्लेख जे. बी. एच. वाडिया यांच्या आठवणींत येतो. तेथे शब्द आहे 'हरिजन'. हा शब्द गांधीजींनी प्रचारात आणला तो १९३२ नंतर. म्हणजे कोहिनूरमध्ये काम करीत असताना कांजीभाईंना या नावाने कोणी हाक मारणे शक्य नव्हते. जो शब्द आमच्या समाजाने नाकारला, त्याच शब्दाच्या आधारे आज त्यांची ओळख पटवावी लागते. आधाराची ही सोय आम्हांस रुचत नाही, पण साधन म्हणून ती टाकताही येत नाही.

आता 'भक्त विदुर' या १९२१ च्या चित्रपटाकडे वळू. विदुराची भूमिका स्वतः कंपनीचे मालक संपत यांनी केली. अंगात खादी, डोक्यावर गांधी टोपी असा हा महाभारतातील विदुर! दुर्योधन झाले होते होमी मास्टर. असहकाराची चळवळ जोरात असताना प्रेक्षकांनी हस्तिनापूरचा दरबार म्हणजे कोणते सरकार हे ओळखले, आणि सरकारनेही ओळखले. १९१८ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार १९२० मध्ये मुंबईसह प्रमुख शहरांत परीक्षण मंडळे नेमली गेली होती. कराचीत या चित्रपटावर बंदी आली. सिंध तेव्हा मुंबई इलाख्यातच होता. मद्रासकडेही तो रोखला गेला. सरकारविषयी अप्रीती उत्पन्न होईल, लोक असहकारास प्रवृत्त होतील, असे कारण दिले गेले. राजकीय कारणावरून बंदी आलेला हा पहिला भारतीय चित्रपट, असा त्याचा उल्लेख सर्वत्र होतो.

सर्वांचे लक्ष त्या टोपीवर खिळले. विदुर कोण होता, हे कोणी विचारल्याचे आमच्या वाचनात नाही. विदुर हा दासीपुत्र होता. धृतराष्ट्र आणि पंडू यांचा जो पिता, तोच त्याचाही. परंतु आई शूद्र दासी, म्हणून बुद्धीने सर्वांत श्रेष्ठ असूनही राज्यावर त्याचा हक्क चालला नाही. उद्योगपर्वात धृतराष्ट्र त्याला गूढ विद्या विचारतो तेव्हा तो म्हणतो की, मी शूद्रयोनीत जन्मलो, यापुढे मला बोलता येत नाही. आणि सनत्सुजाताला बोलावतो. ज्ञान आहे, पण उच्चारण्याचा अधिकार नाही. कीर्तनकारांनी विदुराघरच्या कण्या तेवढ्या लक्षात ठेवल्या, हे स्थळ नाही.

पालि वाङ्मयात हाच पुरुष वेगळ्या रूपाने भेटतो. जातकांतील ५४५ वे 'विधुरपंडित जातक' होय. कुरू देशातील इंदपत्त नगरीच्या राजाचा हा अमात्य म्हणजे पूर्वजन्मीचा बोधिसत्त्व. पुण्णक नावाचा यक्ष राजाला द्यूतात हरवतो आणि पणात विधुराला मागतो. राजा म्हणतो, हा माझ्या जिवासारखा, तो पणात येत नाही. तेव्हा प्रश्न खुद्द विधुरालाच विचारला जातो : तू राजाचा दास, की बरोबरीचा, की नातलग? 'नातलग' एवढे म्हटले असते तरी तो सुटला असता. पण तो दासांचे चार प्रकार सांगतो (दासीच्या पोटी जन्मलेले, विकत घेतलेले, आपण होऊन आलेले आणि भयाने आलेले) आणि आपण जन्माने दास आहोत असे निःसंकोच सांगतो. यानंतर तो गप्प बसत नाही. राजाला, स्वतःच्या मुलांना आणि शेवटी ज्या यक्षाला त्याचे काळीज काढावयाचे होते त्यालाही तो धम्म सांगतो, आणि यक्ष ऐकतो. महाभारतातील विदुर जन्माचे कारण देऊन थांबतो. जातकातला विधुर जन्म सांगून मग उपदेशास आरंभ करतो. भारहूतच्या स्तूपावर या कथेचे शिल्प तिच्या नावासह कोरलेले आहे, आणि आपल्या अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात तिची चित्रे आहेत.

कांजीभाईंना हे जातक ठाऊक होते असे आम्ही म्हणत नाही. तो काळ पाहता हाती आलेली कथा पुराणातली, आणि 'भक्त' हे विशेषणही बाजाराने लावलेले. तथापि पडद्यावर मालक दासीपुत्राचे सोंग घेतो आणि कॅमेऱ्यामागून त्याला कसे उभे राहावे हे अस्पृश्य समाजातला माणूस सांगतो, ही वस्तुस्थिती १९२१ मधील आहे. एक वर्ष आधी, ३१ जानेवारी १९२० रोजी, 'मूकनायक' सुरू झाला होता. एकीकडे मुक्यांना वाचा देणारे पत्र, दुसरीकडे मुक्या पडद्यावर काम करणारा हा माणूस. दोघांची गाठ पडली नाही.

पुढची कारकीर्द थोडक्यात सांगतो. १९२४ मध्ये 'गुल-ए-बकावली' आला. त्यात झुबेदा होत्या, ज्या पुढे 'आलम आरा'त बोलल्या. हा चित्रपट फार चालला. त्याच वर्षीचा 'काला नाग' मुंबईतील गाजलेल्या चांपसी-हरिदास खून प्रकरणावर बेतलेला होता. पुराणे सोडून शहरातला ताजा गुन्हा पडद्यावर आणण्याचे धाडस त्यांनी केले, हे आम्हांस 'भक्त विदुर'इतकेच महत्त्वाचे वाटते. कारण येथे देव नाहीत, अवतार नाही, फक्त माणसाचे कृत्य आणि त्याचा परिणाम आहे.

१९३१ मध्ये बोलपट आला. कांजीभाईंनी त्याच वर्षी कृष्णा कंपनीसाठी 'घर की लक्ष्मी' आणि 'हरिश्चंद्र' हे बोलपट केले. हरिश्चंद्राच्या कथेत राजा स्वतःला चांडाळास विकतो आणि स्मशानात राबतो. मार्कंडेय पुराणात अखेरीस तो चांडाळ म्हणजे प्रत्यक्ष धर्मदेवता निघते. राजाचा धनी व्हावयाचे तर चांडाळाला चांडाळ राहू दिलेले नाही. फाळके यांनी हीच कथा १९१३ मध्ये मूक चित्रित केली होती. अठरा वर्षांनी ती ध्वनीसह पुन्हा पडद्यावर आली, तेव्हा त्या चांडाळाच्या तोंडी वाक्ये घालून ती बोलवून घेण्याचे काम कांजीभाई राठोड यांच्याकडे होते.