मास्तर, टपाल आणि फुल्यांची एक सूचना

पिंपरी पेंढार म्हणजे नक्की कुठे, असं पुण्यात कुणी विचारलं की मी सांगते : कल्याण-नगर रस्ता, ओतूर मागे टाकलं की आळेफाट्याच्या अलीकडे. तरी समोरच्याचा चेहरा कोराच राहिला तर बिबट्या म्हणावं लागतं. मग लगेच ओळख पटते, कारण बातम्यांत आमच्या भागाचं नाव हल्ली त्याच्यामुळेच येतं. उसात बिबटे आणि उसाच्या कडेला वस्त्या, वस्त्यांवर छोट्या छोट्या शाळा. सुटलेली मुलं नीट घरी पोचली का, हे बघणं त्यामुळे इथल्या शिक्षकांच्या कामात आपोआप येऊन बसलंय.

माझी चुलत बहीण अशाच एका द्विशिक्षकी शाळेत आहे. आम्ही सगळी तिला ताई म्हणतो. लागली तेव्हा शिक्षणसेवक होती, महिना तीन हजारांवर. गेल्या दिवाळीत गावी गेले तेव्हा ती ओसरीवर मोबाइल घेऊन बसली होती, आणि सुट्टी असूनही कसला तरी तक्ता भरत होती. मी शेजारी बसले तर वर न बघता म्हणाली, "वीस वर्षं होत आली. आता स्वेच्छानिवृत्तीचा अर्ज टाकावा म्हणते."

मी म्हटलं, मुलांचा कंटाळा आला का?

"मुलांचा कसला कंटाळा गं! मुलांपर्यंत पोचायलाच संध्याकाळ होते." आणि मग मोबाइल खाली ठेवून, "तू मास्तरांचाच इतिहास लिहितेस ना? मग सांग मला, आधीचे लोक कसे टिकले?"

पीएचडीच्या मुलाखतीतसुद्धा मला इतका नेमका प्रश्न कुणी विचारला नव्हता. हा लेख म्हणजे त्याचं उत्तर द्यायचा प्रयत्न. अर्धंमुर्धंच आहे, पण आहे.

आधी एक गोष्ट बाजूला सारते. पाच सप्टेंबरच्या भाषणात शिक्षकाची मेणबत्ती होते. स्वतः जळून दुसऱ्याला प्रकाश देणारी वगैरे. ऐकायला गोड वाटतं, पण त्यात शिक्षकानं जळून संपणं हेच त्याचं कर्तव्य ठरतं. याच भाषणात पुढे साने गुरुजींचं नाव येतंच. अमळनेरच्या प्रताप हायस्कूलमध्ये गुरुजींनी १९२४ ते १९३० अशी सहा वर्षं नोकरी केली, आणि १९३० ला ते ती सोडून सत्याग्रहात गेले. याने त्यांचं मोठेपण रतीभरही कमी होत नाही. पण तीस-बत्तीस वर्षं एकाच तालुक्यात चौथीचा वर्ग घेणाऱ्या माणसाला 'टिकायचं कसं' हे विचारायचं असेल, तर साने गुरुजींकडे त्याचं उत्तर सापडणार नाही. ते शाळेच्या दप्तरात आणि जुन्या कागदांत शोधायला हवं.

इंग्रजीत या थकव्याला जे 'बर्नआउट' म्हणतात, तो शब्द मानसशास्त्रात रुजला १९७४ मध्ये. न्यूयॉर्कमधल्या मोफत दवाखान्यांत राबणाऱ्या स्वयंसेवकांबद्दल हर्बर्ट फ्रॉइडनबर्गर यांनी लिहिलं होतं. पुढे क्रिस्टिना मॅस्लॅक यांनी त्याची तीन लक्षणं मांडली : भावनिक थकवा, समोरच्या माणसाबद्दल येणारा कोरडेपणा, आणि आपल्या हातून काही होत नाही ही भावना. आपल्याकडे याला 'विटणं' म्हणतात. कापडाचा रंग विटतो तसा माणूस विटतो. मला हा शब्द जास्त आवडतो, कारण जळून राख झालेली वस्तू परत मिळत नाही, विटलेलं कापड मात्र अजून अंगावर असतं.

मॅस्लॅक यांच्या मांडणीतला माझ्या कामाचा भाग पुढे येतो. मायकेल लायटर यांच्याबरोबर १९९७ साली लिहिलेल्या पुस्तकात त्यांनी माणूस विटण्याची सहा ठिकाणं दाखवली. कामाचं ओझं हे त्यातलं फक्त एक. बाकीची पाच : कामावर स्वतःचा ताबा किती, मोबदला आणि कौतुक किती, सोबत कुणाची, वागणूक न्यायाची आहे का, आणि आपण करतो ते आपल्याला पटतंय का. आपण मात्र शिक्षकांबद्दल बोलताना पहिल्यावरच अडकतो. कामं किती वाढली बघा! हो, वाढलीच आहेत. पण जुन्या मास्तरालाही कामं कमी नव्हती, आणि इथे मला जोतीराव फुल्यांचा एक कागद सापडला. म्हणजे तो सगळ्यांना माहीतच आहे, पण त्यातल्या एका वाक्यावर सहसा कुणी थांबत नाही.

१८८२ साली हंटर आयोग नेमला गेला आणि १९ ऑक्टोबर १८८२ या तारखेचं फुल्यांचं निवेदन त्याच्यापुढे गेलं. खाली सही करताना त्यांनी स्वतःला व्यापारी, शेतकरी आणि म्युनिसिपल कमिशनर म्हटलंय. पण निवेदन वाचताना सारखं जाणवतं की लिहिणारा माणूस वर्गात उभा राहिलेला आहे, आणि तो होताच. प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा, ही त्यातली मागणी आपण शाळेत शिकतो. मास्तरांबद्दल त्यांनी जे लिहिलंय ते तेवढं शिकत नाही. खेड्यातले मास्तर बहुतेक ब्राह्मण, त्यातले ट्रेनिंग झालेले थोडे, पगार दहा रुपयांच्या वर क्वचित. फुले म्हणतात, शेतकरी वर्गातले मास्तर तयार करा, म्हणजे ते लोकांत मिसळतील, प्रसंगी नांगर धरायला लाजणार नाहीत. पगार बारा रुपयांपेक्षा कमी नको, मोठ्या गावात पंधरा किंवा वीस द्या.

आणि त्याच ओघात ती सूचना येते. मास्तरांना गावच्या कारभारात घ्या. हिशेब तपासणं, दस्त नोंदणं, गावचं पोस्ट, स्टॅम्पविक्री अशी कामं त्यांच्याकडे द्या, म्हणजे त्यांचा मान वाढेल आणि लोकांवर त्यांचा चांगला प्रभाव पडेल.

पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला हसूच आलं. अशैक्षणिक कामं! आणि मागणारे कोण, तर खुद्द फुले! शिक्षक संघटनेच्या मोर्चात हे वाचून दाखवलं तर काय होईल, असंही मनात येऊन गेलं.

पण ही सूचना हवेतली नव्हती. त्या काळच्या गॅझेटियरांत खेड्यातलं पोस्ट शाळामास्तराकडे असल्याच्या नोंदी सापडतात. पगाराशिवाय त्याचा वेगळा थोडाफार भत्ता मिळे. आता त्या मास्तराचा दिवस डोळ्यांपुढे आणा. मुंबईच्या गिरणीत गेलेल्या मुलाचं पत्र आलंय, म्हातारीला वाचता येत नाही. मास्तर वाचून दाखवतो, उत्तर लिहून देतो. मनिऑर्डर आली की अंगठा घेऊन पैसे हातावर ठेवतो. हे काम शिकवण्याचं नव्हतं, पण ज्याचं काम तो माणूस समोर बसलेला असे. त्याच्या डोळ्यांतलं पाणी मास्तराला दिसे, आणि अक्षर येण्याचा उपयोग काय हे म्हातारीच्या नातवालाही दिसे.

माडगूळकरांची 'बनगरवाडी' (१९५५) ज्यांनी वाचलीय त्यांना हे लगेच पटेल. औंध संस्थानातल्या धनगरवाडीवर आलेला तो पोरसवदा मास्तर लोकांची पत्रं लिहितो, भांडणं सोडवतो, गावाला हाताशी धरून तालीम बांधतो. आजच्या भाषेत कादंबरीचा निम्मा भाग अशैक्षणिक कामांचा आहे! मास्तरपण त्याला मिळतं तेही त्याच कामांतून.

इथे थांबून मलाच माझ्या कानाला धरायला हवं. जुन्या मास्तरांचे दिवस सोन्याचे होते असं लिहायचा मोह फार होतो, आणि ते खरं नाही. दहा रुपयांत घर चालत नसे. दिपोटी येणार म्हटलं की गावभर धावपळ आणि मास्तरांच्या पोटात गोळा. बदली कधी आणि कुठे होईल याचा नेम नाही. शिवाय मास्तर लोकांत मिसळेलच असं कोण सांगणार? फुल्यांनी मुळात तक्रार केली ती तो मिसळत नाही, याचीच. आमच्या शेजारचं ओतूर सत्यशोधकांचं मोठं ठाणं होतं. ब्राह्मण भटजीशिवाय लग्नं लावण्यावरून तिथला वाद थेट कोर्टात गेला. अशा मुलखात गावचा मास्तर कुठल्या बाजूला उभा आहे, हा बारीकसा प्रश्न नव्हता. तेव्हा मान होता, पण तो सगळ्यांना सारखा वाटून आलेला नव्हता.

मग बदललं काय? माझ्या प्रबंधाचं तिसरं प्रकरण हेच आहे, आणि ते अजून मार्गदर्शकांच्या टेबलावर पडून आहे, म्हणून थोडक्यात सांगते. मास्तराचा मालक हळूहळू लांब लांब जात गेला. पंतोजीला गाव धान्य देई. मग लोकल बोर्ड आलं, १९२३ च्या कायद्यानंतर स्कूल बोर्ड, आणि १ मे १९६२ पासून जिल्हा परिषद. या प्रवासात शिक्षकाला नियमित पगार, पेन्शन, रजा मिळाल्या. गावच्या पाटलाच्या मर्जीतून तो सुटला. ही लहान गोष्ट नाही, आणि ती कुणी सहज देऊ केली नाही. १९७७ च्या डिसेंबरात सुरू झालेला ५४ दिवसांचा संप आमच्याकडच्या निवृत्त गुरुजींना अजून काल घडल्यासारखा आठवतो. आठवण सांगताना त्यांचा सूर थकलेला नसतो, उलट आवाज चढतो. मॅस्लॅकबाईंच्या यादीतली ती 'सोबत' तिथे होती.

पण मालक लांब गेला तशी कामांची तोंडंही फिरली. आधी जादा काम गावाकडे तोंड करून होतं, आता ते वर तोंड करून आहे. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याचं कलम २७ सांगतं की जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणूक सोडून शिक्षकांना शिक्षणाबाहेरची कामं देऊ नयेत. कागदावर यादी तिघांचीच. पण ताईचा दिवस जातो तो यात न बसणाऱ्या कामांत : यू-डायस, सरल, आधार जुळवणी, पोषण आहाराचा रोजचा आकडा, कुठल्याशा उपक्रमाचे फोटो. ही सगळी 'शैक्षणिक'च म्हणायची, म्हणून कायद्याच्या बाहेर. तिच्या शाळेत दोन शिक्षक आणि चार वर्ग आहेत. एक जण केंद्रावर बैठकीला गेला की चारही वर्ग दुसऱ्याच्या गळ्यात. तेवढ्यात ग्रुपवर मेसेज येतो : तातडीचं टपाल, आज दुपारी दोनपर्यंत.

हो, टपाल. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांत वर पाठवायच्या माहितीला अजून टपालच म्हणतात. ताईच्या तोंडून हा शब्द मी लहानपणापासून ऐकत आलेय आणि इतकी वर्षं त्यात मला काही वेगळं वाटलं नव्हतं. गॅझेटियर वाचताना एकदम ट्यूब पेटली. शब्द तोच आहे, पिशवी उलटी झालीय. शंभर वर्षांपूर्वी टपाल बाहेरून गावात यायचं आणि मास्तर ते म्हातारीला वाचून दाखवायचा. आता ते गावातून बाहेर जातं, आणि पलीकडे ते वाचतं कोण हे पाठवणारीला ठाऊक नसतं. बऱ्याचदा तीच माहिती महिन्याभरात नव्या तक्त्यात पुन्हा मागतात, त्यावरून अंदाज करावा.

म्हणून मला वाटतं, माणूस विटतो तो साक्षीदार नसलेल्या कामानं. याच्या बाजूनं मी सगळ्यात मोठा दाखला देते तो अनुताई वाघांचा. त्या पुण्यात शिक्षिका होत्या. १९४५ मध्ये ताराबाई मोडकांबरोबर बोर्डीला गेल्या, पुढे १९५७ ला कोसबाडच्या टेकडीवर, आणि १९९२ ला गेल्या तोपर्यंत त्याच कामात होत्या. सत्तेचाळीस वर्षं! मुलं शाळेत येत नाहीत म्हणून अंगणवाडी त्यांच्या दारात नेली, गुरं राखणाऱ्या पोरांसाठी शाळा कुरणात नेली. मुलांना आंघोळ घालण्यापासून सगळं. तासांच्या हिशेबानं ताईपेक्षा किती तरी जास्त काम. पण काय करायचं ते दोघींनी ठरवलेलं, चुकलं तर उद्या बदलायची मोकळीक, आणि ताराबाई १९७३ ला गेल्या तोपर्यंत रोज बोलायला जोडीला एक माणूस. अर्थात अनुताईंना कुणी वर्षात तीन वेळा तोच तक्ता भरायला लावत नव्हतं, हेही तितकंच खरं, आणि म्हणूनच त्यांचं उदाहरण देऊन ताईला 'तूही तशी हो' म्हणणं मला निर्लज्जपणाचं वाटतं. ताबा आणि सोबत या गोष्टी शिक्षिकेनं प्राणायाम करून मिळत नाहीत, त्या कुणीतरी द्याव्या लागतात.

मार्चमध्ये मी पुन्हा गावी गेले. कांदाकाढणी चालू होती, ताई शनिवारची सकाळची शाळा करून शेतावर आली होती. बांधावर बसून मी तिला फुल्यांची यादी वाचून दाखवली : हिशेब तपासणं, दस्त नोंदणं, स्टॅम्प, पोस्ट. ती चिडेल असं वाटलं होतं. तिनं डोक्यावरचा रुमाल सोडला, घाम पुसला आणि म्हणाली, "चालेल की. पोस्ट तेवढं द्या मला. पोस्टमनला लोक निदान पाणी तरी विचारतात."

मग मी तिला विचारलं, संध्याकाळी पोरं उसाच्या कडेनं घरी जातात, त्यांच्यामागं तू रोज जातेस, त्याचा नाही कंटाळा येत?

"ते काम थोडंच आहे?" ती म्हणाली. वेणूच्या आजीनं दिलेले हिरवे हरभरे तिच्या पिशवीत होते, त्यातली मूठभर तिनं माझ्या हातावर ठेवली. अर्ज अजून टाकलेला नाही. टाकणार नाही, असंही म्हणाली नाही.