ब्राझील आणि पोर्तुगीज भारत

ब्राझील (१५००–१८२२) आणि पोर्तुगीज भारत (१५०५–१९६१) या पोर्तुगीज साम्राज्याच्या अनुक्रमे दक्षिण अमेरिका व आशिया खंडांतील प्रमुख वसाहती होत्या. सुमारे तीन शतके दोन्ही प्रदेशांवर एकाच राजाची सत्ता होती. त्यांचे अधिकारी, कायदे, धर्मसंस्था आणि जलमार्ग परस्परांशी निगडित होते. तरीही ब्राझील १८२२ मध्ये स्वतंत्र झाला, तर गोवा, दमण व दीव १९६१ पर्यंत पोर्तुगीज अमलाखाली राहिले.

आरंभ

स्पेन व पोर्तुगाल यांच्यात १४९४ मध्ये झालेल्या तोर्देसिलासच्या तहाने युरोपाबाहेरील प्रदेशांची दोन देशांत वाटणी केली. वास्को द गामाच्या सफरीनंतर पेद्रो आल्वारेस काब्राल ९ मार्च १५०० रोजी १३ जहाजांसह लिस्बनहून कालिकतकडे निघाला. अटलांटिक महासागरात पश्चिमेकडे वळलेल्या या ताफ्याला २२ एप्रिल रोजी ब्राझीलचा किनारा दिसला. तेथे अल्पकाळ थांबून काब्राल भारताकडे आला व सप्टेंबरमध्ये कालिकतला पोहोचला. अशा प्रकारे पोर्तुगीजांचा ब्राझीलमधील प्रवेश भारताच्या वाटेवरच घडला.

पुढील तीन दशके पोर्तुगालचे मुख्य लक्ष भारताकडेच होते. आफोन्सो द आल्बुकर्कने १५१० मध्ये गोवा जिंकले. ब्राझीलमधून तेव्हा प्रामुख्याने रंगासाठी वापरले जाणारे लाकूड नेले जात असे.

वसई आणि साओ व्हिसेंते

१५३४ हे वर्ष दोन्ही वसाहतींच्या दृष्टीने महत्त्वाचे ठरले. राजा तिसरा जॉन याने या वर्षापासून ब्राझीलच्या किनाऱ्याचे १५ पट्टे पाडून ते वंशपरंपरागत हक्कांसह सरदारांना दिले. याच वर्षी २३ डिसेंबर रोजी गुजरातचा सुलतान बहादूरशहा याने तहान्वये वसई व तिच्या ताब्यातील प्रदेश पोर्तुगीजांना दिला.

मार्तिम आफोन्सो द सोझा या एकाच व्यक्तीच्या कारकिर्दीत हे दोन्ही प्रदेश एकत्र येतात. त्याने १५३२ मध्ये ब्राझीलमध्ये साओ व्हिसेंते ही वसाहत स्थापन केली. १५३४ मध्ये तो आरमारप्रमुख म्हणून भारतात आला आणि १५४२ ते १५४५ या काळात पोर्तुगीज भारताचा गव्हर्नर होता. त्याच्याच कारकिर्दीत बार्देश व साष्टी हे तालुके पोर्तुगीजांकडे आले.

वसई, ठाणे, साष्टी बेट, दमण व चौल यांचा मिळून पोर्तुगीजांचा ‘उत्तर प्रांत’ बनला. येथील गावे पोर्तुगीज कुटुंबांना ठरावीक हयातींपुरती, सारा व लष्करी सेवेच्या अटीवर दिली जात. कल्याण व त्याच्या पूर्वेकडील घाटाखालचा प्रदेश मात्र या प्रांताबाहेर होता. गोव्यात गावकरी ही जुनी ग्रामसंस्था १५२६ च्या सनदेने मान्य करण्यात आली. ब्राझीलमध्ये याउलट विस्तीर्ण जमिनी वसाहतवाल्यांना देण्यात आल्या आणि तेथील ऊसमळे प्रथम मूलनिवासींच्या व नंतर आफ्रिकेतून आणलेल्या गुलामांच्या श्रमांवर चालले. जमीनव्यवस्थेतील या भेदामुळे दोन्हीकडचे समाज भिन्न घडले. ब्राझीलमध्ये युरोपीय वंशाचा प्रबळ जमीनदार वर्ग निर्माण झाला, तर गोव्यात स्थानिक समाज बहुसंख्य राहिला.

व्यापार आणि पिकांची देवघेव

सतराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून भारतातून परतणारी जहाजे ब्राझीलमधील साल्व्हादोर बंदरात थांबणे नित्याचे झाले. भारतातील सुती कापड ब्राझीलला जाई. साल्व्हादोर ज्या प्रदेशात आहे त्या बाहियाची तंबाखू गोव्यात येई व तिचा मक्ता सरकारी उत्पन्नाचे साधन होता. काजू व अननस ही दक्षिण अमेरिकेतील पिके पोर्तुगीजांमार्फत कोकणात रुजली. या दोन्ही फळांची नावे मूळची दक्षिण अमेरिकेतील मूलनिवासींच्या भाषांतील असून ती पोर्तुगीजमार्गे मराठीत आली. उलट दिशेने भारतातील आंबा व फणस ब्राझीलमध्ये गेले.

सत्तेचे केंद्र बदलले

१६९० च्या दशकात ब्राझीलच्या मिनास जेराइस भागात सोने सापडले आणि साम्राज्याच्या अर्थकारणात ब्राझीलचे स्थान भारताच्या वर गेले. मे १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई जिंकली. दमण वगळता उत्तर प्रांतातील प्रदेश १७४० पर्यंत पोर्तुगीजांच्या हातून गेला. ब्राझीलमधील साओ पाउलोचा गव्हर्नर राहिलेला लुईस माश्कारेन्हास, आल्वाचा काउंट, हा १७५४ मध्ये व्हाइसरॉय म्हणून गोव्यात आला. १७५६ मध्ये फोंड्याच्या मर्दनगडावरील चढाईत तो मारला गेला.

पोर्तुगालचा पंतप्रधान मार्क्विस ऑफ पोंबाल याच्या काळात १७५९ मध्ये जेझुइटांना साम्राज्यातून घालवून देण्यात आले. १७५५ च्या कायद्याने उत्तर ब्राझीलमधील मूलनिवासींना स्वातंत्र्य जाहीर झाले. १७६१ च्या कायद्याने भारतातील स्थानिक ख्रिस्ती प्रजेला पोर्तुगालमध्ये जन्मलेल्यांच्या बरोबरीचे हक्क मिळाले. हिंदू प्रजा या समानतेबाहेर होती.

समतेच्या घोषणेनंतरही वरिष्ठ पदांबाबतचा पक्षपात टिकून राहिल्याने १७८७ मध्ये गोव्यात पिंटोंचा कट उघडकीस आला. त्यात धर्मगुरू व स्थानिक सैनिक अधिकारी सामील होते. १५ जणांना फाशी देण्यात आली. दोनच वर्षांनी, १७८९ मध्ये, मिनास जेराइसमध्ये करांच्या बोज्याविरुद्धचा कट फुटला. त्यातील ‘तिरादेंतिस’ या टोपणनावाने ओळखल्या जाणाऱ्या सैनिक अधिकाऱ्याला २१ एप्रिल १७९२ रोजी फाशी देण्यात आले.

रिओ दि जानेरोहून कारभार

नेपोलियनच्या सैन्याने पोर्तुगालवर आक्रमण केल्यामुळे राजघराणे नोव्हेंबर १८०७ मध्ये लिस्बन सोडून निघाले व मार्च १८०८ मध्ये रिओ दि जानेरोला पोहोचले. १८२१ पर्यंत तेच साम्राज्याचे केंद्र राहिले आणि गोव्याचा कारभारही तेथून चालला. याच काळात, १८१२ मध्ये, गोव्यातील धर्मन्यायसभा (इन्क्विझिशन) कायमची बंद करण्यात आली. १८१५ मध्ये ब्राझीलला पोर्तुगालच्या बरोबरीचा राज्याचा दर्जा मिळाला. गोव्याला तो मिळाला नाही.

१८२० च्या पोर्तुगालमधील उदारमतवादी क्रांतीनंतर गोव्यातून लिस्बनच्या संसदेसाठी प्रतिनिधी निवडण्यात आले. त्यांत बेर्नार्दो पेरेस द सिल्वा व कोंस्तांसियो रॉक द कोस्ता हे गोमंतकीय होते. ७ सप्टेंबर १८२२ रोजी राजपुत्र पेद्रोने ब्राझीलचे स्वातंत्र्य घोषित केले. पोर्तुगालने ते १८२५ च्या तहाने मान्य केले. इतर पोर्तुगीज वसाहतींनी ब्राझीलमध्ये सामील होण्याचा प्रस्ताव मांडल्यास तो स्वीकारणार नाही, असे वचन ब्राझीलच्या सम्राटाने या तहात दिले.

ब्राझीलच्या स्वातंत्र्यानंतर सत्ता राजघराण्यातील व्यक्ती आणि जमीनदार वर्ग यांच्याकडेच राहिली. गुलामगिरी तेथे १८८८ पर्यंत कायम होती. गोव्यात पेरेस द सिल्वा १८३५ मध्ये सर्वोच्च प्रशासकपदी आले, परंतु काही आठवड्यांतच युरोपीय वंशाच्या लोकांचे प्राबल्य असलेल्या लष्कराने त्यांना पदच्युत केले.

गोवा मुक्तिलढा आणि दक्षिण अमेरिकी देश

१९५१ मध्ये पोर्तुगालने घटनादुरुस्तीने आपल्या वसाहतींना ‘सागरापलीकडील प्रांत’ असे नाव दिले. त्याच वर्षी ब्राझीलचे समाजशास्त्रज्ञ जिल्बेर्तो फ्रेयरे पोर्तुगीज सरकारच्या निमंत्रणावरून गोव्यात आले. उष्ण कटिबंधातील समाजांशी मिसळून जाण्याची खास क्षमता पोर्तुगीजांकडे आहे, असा त्यांचा सिद्धान्त सालाझार राजवटीने वसाहतवादाच्या समर्थनासाठी वापरला. त्रिस्ताव द ब्रागांझा कुन्हा यांनी मात्र १९४४ मध्येच आपल्या पुस्तिकेतून पोर्तुगीज राजवटीने गोमंतकीयांचे राष्ट्रीयत्व हिरावून घेतल्याची मांडणी केली होती.

१९५५ मध्ये भारत व पोर्तुगाल यांचे राजनैतिक संबंध तुटल्यावर पोर्तुगालच्या भारतातील हितसंबंधांची देखरेख ब्राझीलने केली. डिसेंबर १९६१ मध्ये भारतीय सैन्य गोव्यात शिरल्यावर संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत युद्धबंदी व सैन्यमाघारीचा ठराव आला. परिषदेचे तत्कालीन सदस्य असलेल्या चिली व एक्वादोर या एकेकाळच्या स्पॅनिश वसाहतींनी ठरावाच्या बाजूने मत दिले. सोव्हिएत संघाच्या नकाराधिकारामुळे ठराव फेटाळला गेला. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा, दमण व दीव मुक्त झाले. पोर्तुगालमधील १९७४ च्या क्रांतीनंतर, त्याच वर्षी ३१ डिसेंबर रोजी झालेल्या करारान्वये, पोर्तुगालने या प्रदेशांवरील भारताचे सार्वभौमत्व मान्य केले.