शनिवारवाड्याची हाक, पडक्या वाड्याची किंकाळी : भुताच्या गोष्टीत खरं किती?

पनवेल : पडका वाडा दिसला की गावात भुताची गोष्ट तयारच असते. पिंपळावर मुंजा, विहिरीपाशी हडळ, पुरलेल्या धनावर समंध, अशी ही वाटणी पिढ्यान्‌पिढ्या चालत आलीय.

शनिवारवाडा, पुणे
थोरल्या बाजीरावांनी १० जानेवारी १७३० ला याचा पाया घातला. ३० ऑगस्ट १७७३ ला गारद्यांनी इथेच १८ वर्षांच्या नारायणराव पेशव्यांचा खून केला. ‘काका, मला वाचवा’ ही त्यांची हाक आजही रात्री ऐकू येते म्हणे. कोणी पौर्णिमा सांगतं, कोणी अमावास्या. खून खरा. रामशास्त्री प्रभुणे यांनी चुलते रघुनाथरावांना दोषी धरलं, तेही खरं. ‘ध’चा ‘मा’ ही आख्यायिका आणि हाक ऐकीव. १८२८ च्या आगीत आतला वाडा जळाला, तट आणि दरवाजे राहिले. रिकाम्या जागेत गोष्ट वाढली.

आपला तालुका
कर्नाळा किल्ला १८१८ मध्ये इंग्रजांनी घेतला. तिथल्या किल्लेदार घराण्यातले क्रांतिकारक वासुदेव बळवंत फडके ४ नोव्हेंबर १८४५ ला शिरढोणला जन्मले. अशा जुन्या वास्तूंना भुताची नव्हे, इतिहासाची ओळख हवी.

रात्री आवाज कसला?
बहुतेक वेळा गव्हाणी घुबडाचा. ते पडक्या घरात, माळ्यावर राहतं. घुमण्याऐवजी चिरका ओरडतं, पोटाकडून पांढरं दिसतं आणि उडताना पंख वाजत नाहीत. अंधारात माणूस घाबरणारच. पण हेच घुबड भाताचे उंदीर खातं. त्याला मारणं म्हणजे आपलंच पीक घालवणं, शिवाय वन्यजीव कायद्याने गुन्हा.

कायदा काय सांगतो?
भूत उतरवतो म्हणून मारहाण करणं, साखळीने बांधणं हा २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. शिक्षा ६ महिने ते ७ वर्षं, दंड ५ हजार ते ५० हजार रुपये. घरातलं माणूस बरळायला लागलं तर आधी दवाखाना गाठा.

पडक्या वाड्यात रात्री जाऊ नये, हे जुन्यांचं म्हणणं मात्र बरोबर. तिथे साप असतात, भिंती पावसात ढासळतात. पोरांना भुताऐवजी हे कारण सांगा.