तीन नद्यांची हद्द

मार्कंड्याला वैनगंगा उत्तरवाहिनी होते आणि त्यामुळे तिच्या काठावरील शिवालयांना तीर्थाचे माहात्म्य लाभून महाशिवरात्रीस तेथे मोठी यात्रा भरते, हे चांदा मुलखातील लहानथोरांस ठाऊक आहे; परंतु हाच अरण्यप्रदेश रोमच्या धर्मपीठापुढील एका जुन्या हद्दीच्या वादात निर्णायक ठरला, ही हकिकत फारशी कोणी सांगत नाही. २०२४ सालच्या ‘कॉन्क्लेव्ह’ चित्रपटाने पोपची निवडणूक रहस्यकथेसारखी रंगविली. चर्चच्या राजकारणाचा गाभा मला मात्र अखत्यारीच्या प्रश्नात अधिक दिसतो.

वादाचे मूळ केरळात आहे. आपली परंपरा संत थॉमसपर्यंत नेणारा तेथील ख्रिस्ती समाज सुरयानी भाषेत उपासना करी व आपले बिशप पश्चिम आशियातून आणवी. पोपने पोर्तुगालच्या राजास दिलेल्या ‘पाद्रोआदो’ नामक सनदेने पूर्वेकडील बिशपांच्या नेमणुका लिस्बनच्या हाती गेल्या, आणि त्या सनदेच्या बळावर गोव्याचे आर्चबिशप आलेइशो द मेनेझिस ह्यांनी १५९९ साली उदयमपेरूर येथे धर्मसभा भरवून त्या समाजाचे उपासनाग्रंथ शुद्ध करण्याच्या नावाखाली बदलविले, कित्येक जाळविले. शतकांची स्मृती अशी अग्नीच्या स्वाधीन करणे हे त्या सत्तेचे अक्षम्य कृत्य होय. १६५३ साली मट्टंचेरीस जमलेल्या लोकांनी क्रूसापुढे शपथ वाहून पाद्रोआदोखाली आलेल्या जेझुइट धर्मगुरूंचा अंमल झुगारला. त्यांपैकी पुष्कळ पुढे रोमकडे परतले. तरी त्यांना स्वजातीय बिशप १८९६ साली आणि स्वतंत्र धर्मप्रांतांची रचना १९२३ साली मिळाली, तीही पंपा व भारतप्पुळा ह्या दोन नद्यांमधील पट्ट्यापुरती. १९५५ साली ती हद्द थोडी सरकली. बाकी भारत लॅटिन उपासनापद्धतीच्या बिशपांचा. केरळचा जो पुत्र धर्मकार्यार्थ तेथे जाई, त्याला पूर्वजांची उपासना घरी ठेवून जावे लागे.

३१ मार्च १९६२ रोजी नागपूरच्या धर्मप्रांतातून चांद्याचा प्रदेश वेगळा काढून, १८३१ साली मान्नानम येथे स्थापन झालेल्या केरळीय कार्मेलाइट संघाकडे सोपविण्यात आला, आणि रोमकडे परतलेल्या त्या समाजाच्या सीरो-मलबार चर्चला केरळाबाहेर स्वतंत्र अखत्यारीचा प्रदेश प्रथमच मिळाला. जानुआरियस पालाथुरुथी हे त्याचे पहिले प्रमुख, आणि गोंड राजांच्या किल्ल्यासाठी व कागद गिरणीसाठी प्रसिद्ध असलेले बल्लारपूर हे पीठस्थान. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात दुसरी व्हॅटिकन परिषद सुरू झाली व १९६४ साली तिने सर्व उपासनापद्धतींचा दर्जा समान ठरविला. म्हणजे पुढे जे तत्त्व कागदावर उतरले, त्याचा पहिला प्रयोग वैनगंगेच्या खोऱ्यात आधीच आरंभिला गेला होता. १९६८ साली सतना, सागर, उज्जैन ह्यांचा क्रम लागला. १९७७ साली चांदा पूर्ण धर्मप्रांत झाला. महाराष्ट्रातील नोकरपेशा मल्याळी कुटुंबांसाठी कल्याणचा धर्मप्रांत १९८८ साली निघाला. संपूर्ण भारतभर अखत्यार देणारे पोप फ्रान्सिस ह्यांचे पत्र ऑक्टोबर २०१७ मध्ये आले, म्हणजे चांद्याच्या निर्णयानंतर पंचावन्न वर्षांनी.