जव्हार–मोखाडा : वळवाचे वादळ

पालघर जिल्ह्याच्या पूर्व टोकाचे हे दोन डोंगराळ तालुके. जव्हार शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ४५० मीटर उंचीवर आहे, तर मोखाड्यातला सूर्यमाळचा परिसर त्याहूनही चढा. वारली, कोकणा, महादेव कोळी, ठाकूर, कातकरी अशा आदिवासी समाजांची वस्ती इथे दहात नऊ. पर्यटक येतात ते जुलै-ऑगस्टच्या धुक्यासाठी आणि लेंडी नदीवरचा दाभोसा धबधबा पाहायला. मात्र या मुलखाचे वादळ तेव्हा नसतेच. ते पावसाळ्याच्या दोन्ही कडांना येते.

वैशाखात काळा कातळ तापतो. दुपारी समुद्राकडचा दमट वारा चढणीला लागला, की तापलेली हवा त्याला वर उचलते आणि पाहता पाहता डोंगरांच्या माथ्यावर ढगांचे मनोरे उभे राहतात. हे ढग इतके उंच चढतात की त्यांच्या पोटात बर्फाचे कण आणि गारा एकमेकांवर आपटून विद्युत्भार साचतो. मग धुळीचा लोट, कडकडाट, टपोरे थेंब. तासाभरात पुन्हा ऊन. हाच वळीव. आषाढात आठ-आठ दिवस सूर्य दिसला नाही तरी विजेचा आवाज फारसा नसतो, कारण मोसमी ढग तुलनेने बुटके असतात. सप्टेंबर सरता सरता मोसमी वारे माघारी फिरू लागतात आणि गडगडाट परत येतो.

वारल्यांच्या देवमंडळात पावसाचा देव आहे नारनदेव. हिरवा, हिमाय, वाघ्या आणि धान्याची कणसरी यांच्या पंगतीत तो बसतो, आणि या देवांच्या कथा भगतांच्या तोंडून पिढ्यान्‌पिढ्या चालत आल्या आहेत. पावसाचा हा देव शेताभाताच्या हिशेबात घरच्यासारखा वावरतो. तारपा हे फुंकून वाजवायचे वाद्य वाजते तेही भात पिकू लागल्यावर.

वळीव कुणाला हवा आणि कुणाला नको, हे ज्याच्या त्याच्या कामावर ठरते. उन्हाळ्यात शेतकरी पालापाचोळा, फांद्या आणि शेण पसरून रोपांच्या जागी राब भाजतात. नागली, वरई आणि भाताची रोपे त्याच राखेत वाढतात. राब भाजायच्या आधीच तो भिजला, तर धुमसत राहतो आणि जमीन नीट भाजत नाही. अंगणात वाळत घातलेली मोहाची फुले एका सरीत काळी पडतात. भिवंडी-वसईकडच्या वीटभट्ट्यांवर इथली कितीतरी कुटुंबे हंगामभर राबतात. तिथे कच्च्या विटांचा थर वळवाने विरघळला, की थापणाऱ्यांची मेहनत चिखलात जाते. बोहाडा या सोंगांच्या उत्सवातले कागदाच्या लगद्याचे मुखवटेही उन्हाळ्याच्या रात्रीच बाहेर निघतात आणि सोंगे नाचवणाऱ्यांचे अर्धे लक्ष आभाळाकडे असते. ऑक्टोबरातले वादळ याहून वाईट. कापणीला आलेले भात ते शेतातच आडवे करते.

चक्रीवादळ ही मात्र निराळी गोष्ट. मे २०२१ मध्ये तौक्ते चक्रीवादळ कोकण किनाऱ्याला जवळपास समांतर उत्तरेकडे सरकले आणि १७ मेच्या रात्री सौराष्ट्रात जमिनीवर आले. समुद्रात जन्मलेली अशी वादळे कित्येक दिवस आधी नकाशावर दिसतात. वळवाच्या ढगाला जन्मायला दुपार पुरते. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामान संस्थेचे ‘दामिनी’ ॲप आसपास वीज पडण्याचा इशारा थोडा वेळ आधी देते. डोंगराआडच्या पाड्यावर फोनला रेंज असली, तर तो पोचतो.

इतका पाऊस पडूनही पाणी इथे थांबत नाही. उतार तीव्र, मातीचा थर पातळ, खाली कठीण बेसाल्ट. मोखाडा तालुक्यातील कोचाळे येथे वैतरणेवर मुंबई महापालिकेने बांधलेले मध्य वैतरणा धरण २०१४ पासून महानगराला पाणी पुरवते, तर त्याच तालुक्यातल्या अनेक पाड्यांना एप्रिल-मेमध्ये टँकरची वाट पाहावी लागते. अशा दिवसांत मोहाची फुले भिजल्याबद्दल करवादणारी बाईही वळचणीखाली हंडा लावायला विसरत नाही.